थैली हलकी, मोबाईल जड. यादी पाळकसाहेबांना द्यावी का?

एसटीवाला_खजिनदार

सर्वांना सलाम.

यादी म्हणजे आमच्या चर्चमध्ये कोण किती अर्पण देतं त्याची. प्रश्न शेवटी विचारतो. गाडी डेपोतून निघाल्याशिवाय स्टॉपवर येत नाही, तेव्हा आधीचं थोडं ऐकून घ्या.

मी नगर जिल्ह्यातला. आता अहिल्यानगर म्हणायचं, पण तोंडात नगरच बसलंय. एकतीस वर्षं एसटीत कंडक्टर होतो. रिटायर झालो त्याच वर्षी आमच्या चर्चच्या मंडळीच्या वार्षिक सभेत कुणीतरी उठून म्हणालं, "यांना सुटे मोजायची सवय आहे." झालं, मी खजिनदार. त्याला बारा वर्षं झाली. आमची मंडळी मूळ अमेरिकन मराठी मिशनची, १९७० पासून सीएनआयमध्ये, म्हणजे चर्च ऑफ नॉर्थ इंडियात. साठेक घरं. त्यातल्या निम्म्या घरांना कुलूप, माणसं पुण्याला नाहीतर नाशिकला.

उपासना संपली की अर्पणाच्या दोन मखमली थैल्या मागच्या खोलीतल्या टेबलावर उलट्या करायच्या, समोर कमिटीतले दोन पंच हवेतच, हा जुना नियम. मी ढीग पाडतो. दहाच्या नोटा एकीकडं, विसाच्या एकीकडं, नाणी बोटानं ओढून पाच-पाचच्या चळती. कंडक्टरचा हात आहे, पाच मिनिटांत काम होतं.

बारा वर्षांत त्या टेबलावर काय बदललं ते सांगतो. सुरुवातीला नाणी फार. संडे स्कूलची पोरं रुपया घट्ट धरून आणायची, नाणं घामानं ओलं असायचं. आमच्यात एक आजी आहेत, त्या अंडं आणतात. अंडं थैलीत टाकता येत नाही, म्हणून थैलीवाल्याच्या हातात देतात आणि तो बिचारा ते सांभाळत पुढच्या बाकाकडं जातो. शेवटच्या प्रार्थनेनंतर लिलाव. सात रुपयांचं अंडं पन्नासला जातं. हंगामाच्या सणाला तर बघायलाच नको: ज्वारीची कणसं, उसाची मोळी, शेपूच्या जुड्या, कोंबडा. कोंबडा एकदा विकून भागत नाही. घेणारा पैसे देतो आणि कोंबडा परत अर्पण करतो. एका वर्षी एकच कोंबडा तीनदा विकला गेला. चौथ्यांदा त्याला सुटका मिळाली, म्हणजे तो शिजला.

मग २०१६ आलं. मंगळवारी ८ नोव्हेंबरला नोटाबंदी. त्या रविवारी, १३ तारखेला, थैलीत पाचशेच्या सात नोटा आणि हजाराची एक! एरवी वर्षात पाचशेची नोट दोनदा दिसली तर नशीब. तेव्हाचे पाळकसाहेब, म्हणजे आमचे पास्टर, गमतीदार होते. म्हणाले, "देवाला चालतात. बँकेला कधीपर्यंत चालतात तेवढं बघून या."

२०२० च्या मार्चमध्ये मंदिराला (आम्ही चर्चला मंदिरच म्हणतो) कुलूप लागलं. दिवाळी पाडव्याला, १६ नोव्हेंबरला, सरकारनं प्रार्थनास्थळं उघडली. मधले आठ महिने थैली खुंटीला. पाळकांचा पगार द्यायचा कुठून? नातीनं माझ्याच नंबरचा क्यूआर काढून मंडळीच्या व्हॉट्सॲप गटावर टाकला. पुण्याची पोरं पाठवायला लागली. पुढं मंदिर उघडलं तेव्हा तोच कागद लॅमिनेट करून दारापाशी लावला. मध्ये एका उत्साही तरुणानं दुकानात असतो तसला बोलका डबा आणून बसवला. पापकबुलीच्या प्रार्थनेत सगळे डोळे मिटून शांत, आणि डबा ओरडला, "एक सौ एक रुपये प्राप्त हुए!" दुसऱ्या दिवशी डबा परत.

आता स्थिती अशी की थैलीत चारशे-साडेचारशे, आणि मोबाईलवर महिन्याकाठी त्याच्या कितीतरी पट. सगळे म्हणतात ख्रिस्ती माणूस द्यायचा थांबला. माझ्या वहीत तसं दिसत नाही. देणं थांबलं नाही, दर रविवारचं होतं ते पगाराच्या तारखेला गेलं. दुसरं, आता पैशाबरोबर निरोप येतो: "साउंडसाठी", "फक्त अमुक बाईंच्या डायलिसिसला". एकानं तर लिहिलं, "पगाराला वापरू नये." लाईटबिलासाठी म्हणून बारा वर्षांत कुणी छदाम पाठवला नाही. आणि तिसरं, बराचसा दशमांश, म्हणजे मिळकतीचा दहावा हिस्सा, आमच्यापर्यंत येतच नाही. ज्याचा उपदेश यूट्यूबवर ऐकतात त्याच्या खात्यात जातो. आमच्या दारावर पाटी जुनी, त्याच्या स्क्रीनवर नंबर मोठा.

पण माझं दुखणं वेगळंच आहे. थैलीत हात मूठ मिटून जातो आणि उघडा बाहेर येतो. आत दहा पडले की पाचशे, शेजारी बसलेल्या बायकोलाही कळत नाही. मोबाईलवर मात्र नाव, रक्कम, तारीख, वेळ, सगळं. सगळ्यात लांबलचक प्रार्थना करणाऱ्या एका बंधूंचं नाव चार वर्षांत एकदाही आलेलं नाही. आणि जिचा नवरा वॉचमन होता, ती विधवा दर सात तारखेला सकाळी सहाच्या आत ५१ रुपये पाठवते. मला हे कळायला नको होतं. आता उपदेश चालू असताना माझी नजर त्या बंधूंच्या पाठीवर जाते, आणि मलाच माझी लाज वाटते.

उजवा हात काय करतो ते डाव्याला कळू देऊ नको, असं पवित्र शास्त्र सांगतं. इथं फोन उजव्या हातात आणि डाव्यानं स्क्रीन सरकवतोय.

तर प्रश्न. नवे पाळकसाहेब तरुण आहेत, चांगले आहेत. त्यांना कोण किती देतं याची यादी हवी आहे. दोन पंचांचं म्हणणं, हंगामाच्या सणाला ती वाचून दाखवावी म्हणजे बाकीचे जागे होतील. मी महिनाभर चालढकल करतोय. यादी द्यावी का? तुमच्या मंडळ्यांत काय करतात?

बावखल_वसई

काका, नमस्कार. मी कॅथलिक, त्यामुळे आमचं गणित थोडं निराळं. तरी सांगतो.

आमच्याकडे पॅरिशमध्ये, म्हणजे एका चर्चच्या हद्दीत, वित्त समिती असावीच लागते. १९८३ च्या कॅनन लॉचं, म्हणजे कॅथलिक चर्चच्या कायद्याचं, ५३७ वं कलम. आणि १२८७ व्या कलमात असं आहे की भाविकांनी जे दिलं त्याचा हिशेब भाविकांना द्यावा. म्हणजे हिशेब लोकांना द्यायचा, लोकांचा नाही. आमच्या चर्चच्या फलकावर महिन्याची एकूण जमा आणि खर्च लागतो, नावं नसतात.

आता खरं बोलायचं तर नावं दुसरीकडे असतात. जमिनीला भाव आला, वाडीच्या जागी इमारती उभ्या राहिल्या, आणि चर्चमधल्या प्रत्येक बाकावर "यांच्या स्मरणार्थ" आलं. बाक, पंखा, घंटा, सगळ्याला कुणी ना कुणी मयत. माझी आई म्हणायची, आपण गुडघे टेकतो ते नक्की कुणासमोर?

पण एक गोष्ट तुमच्या कामाची. मी सेंट व्हिन्सेंट डी पॉल सोसायटीत आहे. १८३३ मध्ये पॅरिसला फ्रेडरिक ओझानाम आणि त्याच्या कॉलेजातल्या मित्रांनी सुरू केलेली. गरजू कुटुंबांच्या घरी जोडीनं जायचं, हे मुख्य काम. बैठकीच्या शेवटी आमच्यातच एक पिशवी फिरते. प्रत्येकानं मूठ मिटून हात आत घालायचा. ज्याच्याकडे काही नाही त्यानंही. कधीकधी गरज असलेला माणूस आमच्यातलाच असतो, म्हणून ही पद्धत.

तेव्हा माझं मत: यादी देऊ नका, बेरीज द्या.

पाळकाचा_पोरगा

सगळे मिळून पाळकालाच व्हिलन ठरवण्याआधी दोन शब्द.

माझे वडील अठ्ठावीस वर्षं खेड्यापाड्यांत पाळक होते. पगार वेळेवर आला असं वर्ष आठवत नाही. तीन महिने थकायचा, मग हंगामाच्या सणाची ज्वारी घरी यायची आणि कमिटीतलं कुणीतरी म्हणायचं, "तुम्हाला काय कमी आहे, पोती भरलीत." आईनं मिशनच्या दवाखान्यात आयाचं काम केलं म्हणून आम्ही शिकलो.

१९१७ साली ना. वा. टिळकांनी मिशनचा पगार सोडला, हे आपण दर जयंतीला अभिमानानं सांगतो. त्यांनी स्वतः सोडला. त्यांचा दाखला देऊन दुसऱ्याचा पगार थकवायची सोय मात्र आपण करून घेतली. आणि "स्वावलंबी मंडळी" हे काही आजचं खूळ नाही. अमेरिकन मराठी मिशन चालवणाऱ्या अमेरिकन बोर्डाचे रुफस अँडरसन १८५४-५५ मध्ये इकडं आले होते. मंडळीनं आपला पाळक आपल्या पैशानं पोसावा, हा त्यांचा आग्रह. पावणेदोनशे वर्षं होत आली, आपण अजून वर्गणीवर भांडतोय.

यादीबद्दल. वडिलांना एक गोष्ट ठाऊक होती: घरातून देणं थांबलं की त्या घरात काहीतरी घडलेलं असतं. नोकरी गेलेली असते, दारू सुरू झालेली असते, नाहीतर पाळकावर राग असतो. तिन्हींत जायला पाहिजे. वर्गणीच्या वहीवरून त्यांना ते कळायचं आणि ते संध्याकाळी सायकल काढायचे. पैशाचं अवाक्षर न काढता चहा पिऊन यायचे. तुमच्या तरुण पाळकांना यादी कशासाठी हवी आहे, हे विचारलंत का? वाचून दाखवायची कल्पना पंचांची आहे, त्यांची नाही, असं तुमच्याच लिहिण्यावरून दिसतं.

होस्टेलची_मुलगी

दादा, तुमचे बाबा देवमाणूस होते. सगळीकडे वही त्यांच्या हातात नसते.

माझे वडील गेले तेव्हा मी सेकंड इयरला होते. गाव आणि मंडळी सांगत नाही. सकाळी अकराला अंत्यविधी ठरला. दहा वाजता कमिटीचे एक गृहस्थ वही घेऊन अंगणात आले. तीन वर्षांची वर्गणी थकली होती. १,३५० रुपये. "तेवढं झालं की कबरस्तानचं बघू," म्हणाले. आवाज चढवला नाही, अगदी सहज, जसं दूधवाला महिन्याचं बिल सांगतो. आई आत होती. भावानं शेजारच्या किराणा दुकानातून पैसे उसने आणले. त्या गृहस्थांनी मांडीवर वही ठेवून पावती फाडली, कार्बन नीट बसला नाही म्हणून पुन्हा लिहिली. ती पावती माझ्याकडे आहे. "वर्गणी, मागील बाकी." तारीख वडिलांच्या मातीची.

आज मी पुण्यात खराडीला आयटीत आहे. पगार झाला की दहा टक्के वेगळ्या खात्यात जातात, त्याच दिवशी. त्यात कधी खंड नाही. त्यातला एक रुपया त्या मंडळीला जात नाही, आणि काकांच्या यादीसारखी यादी तिथं केली तर माझ्यापुढे शून्य असेल. कुणी तरी ते शून्य माझ्या आईला वाचून दाखवेल, कारण ती अजून तिथंच तिसऱ्या बाकावर बसते.

मग पैसे जातात कुठे? सध्या एका मुलीच्या नर्सिंगच्या फीला. मी स्वतः परदेशातल्या देणगीदाराच्या पैशावर शिकले. चर्चमधल्या प्रोजेक्टमध्ये नाव होतं, वर्षातून दोनदा पत्र लिहायचं, "डिअर स्पॉन्सर". २०१७ मध्ये कम्पॅशन संस्थेला भारतातलं काम थांबवावं लागलं, मग २०२० मध्ये परदेशी देणग्यांचा कायदा आणखी कडक झाला. एका संस्थेनं परदेशातून आणलेला पैसा दुसरीला द्यायचा नाही असं आलं, आणि आमच्यासारख्या मुलींची कितीतरी लहान होस्टेलं चालायची ती अशाच दुसऱ्या हातानं आलेल्या पैशावर. तो पैसा गेला तर आपल्यापैकी कुणीतरी भरायला नको का? बायबलमधल्या अनुवाद या पुस्तकाच्या चौदाव्या अध्यायात तिसऱ्या वर्षाचा दशमांश देवाची सेवा करणाऱ्या लेव्याबरोबरच उपऱ्या, अनाथ आणि विधवा यांनी खावा असं आहे. मी तिसरं वर्ष जरा आधी सुरू केलं इतकंच.

यूट्यूबवाल्यांना मी देत नाही. पण माझ्या मैत्रिणी देतात, आणि का देतात ते मला कळतं. तिथं निदान कुणी वही घेऊन अंगणात येत नाही.

काका, शेपूच्या जुडीचं वाचून हसू आलं. पुदिना, शेप आणि जिऱ्याचा दशमांश देणाऱ्यांना प्रभू काय म्हणाला ते पंचांना वाचायला सांगा. मत्तय तेवीस: दशमांश मोजून देता आणि न्याय, दया सोडून देता.

एसटीवाला_खजिनदार

पोरी, तुझं वाचून मी फोन ठेवला आणि जुनी वर्गणीवही काढली. आमच्या वहीतही "मागील बाकी" हा रकाना आहे. तो मीच आखलाय.

पाळकाच्या पोराचंही खरं आहे. पाळकसाहेबांना विचारलं नव्हतं, उद्या विचारतो.

म्युनिकचा_पाहुणा

जरा वेगळी गंमत. मी मूळचा नाशिकचा, कॅथलिक. इथं जर्मनीत आल्यावर पत्ता नोंदवायच्या फॉर्मवर धर्माचा रकाना होता. प्रामाणिकपणे "रोमन कॅथलिक" लिहिलं. पहिल्या पगाराची स्लिप आली, त्यात चर्चचा कर कापलेला! बव्हेरियात प्राप्तिकराच्या आठ टक्के, बहुतेक राज्यांत नऊ. उत्पन्नाच्या नव्हे, कराच्या. सरकार वसूल करतं आणि चर्चला देतं. नको असेल तर सरकारी कार्यालयात जाऊन "मी चर्च सोडतो" अशी सही करायची. २०२२ या एका वर्षात पाच लाखांहून जास्त कॅथलिकांनी ती सही केली.

इथं पॅरिशचं छप्पर गळत नाही, ऑर्गन दुरुस्त असतो, आणि रविवारी माझ्या बाकावर मी आणि दोन म्हाताऱ्या. टोपली फिरते तेव्हा त्यात सुटी नाणी पडतात, कारण मोठी रक्कम आधीच कापून गेलेली असते. काका, तुमच्या आजींचं अंडं इथं कोणत्या रकान्यात लिहितील?

निवृत्त_सुभेदार

मिझोरममध्ये ऐझॉलला पोस्टिंग असताना पाहिलेलं सांगतो. मिझो घरात बाई भात शिजवायला घेते तेव्हा आधी एक मूठ तांदूळ बाजूच्या डब्यात टाकते. दर जेवणाला. बुहफाई थाम म्हणतात. चर्चच्या बायका तो तांदूळ गोळा करतात, तो विकून पैसा उभा राहतो. शंभर वर्षांहून जुनी रीत आहे आणि नुसत्या मुठीमुठीतून कोट्यवधी रुपये जमतात, मिशनरी पाठवले जातात. आमच्या शेजारच्या बाईला मी विचारलं होतं, मूठ लहान घेतली तर कुणाला कळणार? ती म्हणाली, भाताला कळेल.

एसटीवाला_खजिनदार

सुभेदारसाहेब, आमच्या आईचं ज्वारीचं गाडगं होतं असंच, चुलीच्या उजव्या अंगाला. महिला मंडळ शनिवारी न्यायचं. गॅस आला आणि गाडगं गेलं. का गेलं ते सांगता येत नाही, पीठ तर अजूनही डब्यातच असतं.

सीए_कोथरूड

काका, सगळे यादीबद्दल बोलतायत. तुमच्या पोस्टमधलं एक वाक्य कुणी धरलं नाही, ते मी धरते: "नातीनं माझ्याच नंबरचा क्यूआर काढून."

म्हणजे चार-पाच वर्षं मंडळीचं अर्पण तुमच्या स्वतःच्या बचत खात्यात येतंय. तुमची पेन्शनही तिथंच येत असणार. तुमच्या प्रामाणिकपणाबद्दल मला तीळभर शंका नाही, पण खात्यात आलेला पैसा कायद्याच्या नजरेत आधी खातेदाराचा. कुणी विचारलं तर तो तुमचा नाही हे तुम्हाला सिद्ध करावं लागेल. आणि देव करो असं न होवो, पण तुमचं बरंवाईट झालं तर ती शिल्लक नॉमिनीच्या हाती जाईल. मुलगा चांगला असेल. सून, जावई, पंच, सगळेच चांगले असतील? मी अशी भांडणं पाहिली आहेत.

आता नावांचं. लोकांचा समज असतो की चर्चला दिलं की करात सूट. साधारणपणे मिळत नाही. देणगीवरची सूट (१९६१ च्या कायद्यातली ८०जी) एका विशिष्ट धर्मसमाजापुरत्या ट्रस्टला नसते. ऐतिहासिक वास्तू म्हणून अधिसूचित झालेल्या प्रार्थनास्थळाच्या दुरुस्तीला दिलं तर गोष्ट वेगळी. शिवाय नवीन करप्रणाली घेतलेल्यांना ही सूट नाहीच. तेव्हा महिन्याच्या ५१ रुपयांसाठी नाव-पॅन गोळा करायची काही गरज नाही.

उलट बाजूही ऐका. निनावी देणग्यांवर तीस टक्के कर लावणारं कलम आहे, पण जो ट्रस्ट निव्वळ धार्मिक आहे त्याला त्यातून सूट आहे. मंदिराची हुंडी, दर्ग्याची पेटी, तुमची थैली, सगळी त्या सुटीत बसतात. कायद्यानंसुद्धा थैलीची मिटलेली मूठ मान्य केलीय म्हणा ना.

करायचं काय ते सांगते. तुमची मंडळी स्वतंत्र ट्रस्ट आहे की मूळ ट्रस्टखाली येते, ते आधी बघा. जुन्या मिशनच्या बहुतेक मंडळ्या मूळ ट्रस्टखाली असतात, म्हणून बँक स्थानिक खातं उघडायला का-कू करते आणि माणसं वैयक्तिक नंबर वापरतात. मूळ ट्रस्टकडून ठराव घ्या, त्यांच्या पॅनवर मंडळीच्या नावाचं खातं उघडा, दोन सह्यांनी व्यवहार. क्यूआर त्या खात्याचा. ते खातं मूळ ट्रस्टच्या ऑडिटमध्ये येतं आणि ते ऑडिट धर्मादाय आयुक्तांकडे जातं. तोपर्यंत दारावरचा कागद काढा. आजच.

ठरावाचा नमुना हवा असेल तर पाठवते. फी नाही, अंडं चालेल.

एसटीवाला_खजिनदार

ताई, तुम्ही बरोबर जागी बोट ठेवलंत.

एसटीत ड्युटीवर चढताना कंडक्टरनं खिशातले स्वतःचे पैसे आधी जाहीर करायचे असतात, वेबिलवर, म्हणजे फेरीच्या हिशेबाच्या कागदावर, नोंद करायची. पन्नास असले तर पन्नास. मधे कुठंही लाईन चेकिंगवाले चढले तर बॅगेतली रक्कम, फाडलेली तिकिटं आणि ती नोंद, तिन्हींचा मेळ बसला पाहिजे. दहा रुपये जास्त निघाले तरी मेमो. एकतीस वर्षांत मला एकही मेमो नाही, हे मी नातवंडांना सांगत असतो. आणि रिटायर झाल्यावर देवाची कॅश चार वर्षं पेन्शनमध्ये मिसळून बसलोय. वहीत पैन् पै लिहिलेली आहे, पण चेकिंगवाला वही बघून सोडत नसतो, बॅग बघतो.

कागद काढला. चार वर्षांत भिंतीचा रंग उडालाय, कागदाखालचा चौकोन तेवढा नवा निळा दिसतोय. येणारा-जाणारा विचारतो, इथलं काय गेलं.

पाळकाचा_पोरगा

आणि पाळकसाहेब काय म्हणाले?

एसटीवाला_खजिनदार

हो, ते राहिलंच. काल संध्याकाळी त्यांच्याकडं गेलो. सरळ विचारलं, यादी कशासाठी हवीय. थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "मला इथं येऊन सात महिने झाले. साठ घरांत कोण कसं आहे, मला माहीत नाही. कुणी सांगत नाही. वाटलं, यादीवरून तरी कळेल." तुझ्या वडिलांचंच म्हणणं, फक्त यांना सायकल कुठं न्यायची ते ठाऊक नाही.

पगाराचंही बोलले. मागच्या दोन महिन्यांचा बाकी आहे, तो मीच द्यायचा आहे, हे त्यांनी मला आठवणही करून दिलं नाही.

मग आम्ही असं ठरवलं. यादी नाही. रकमा नाहीत. महिन्यातून एकदा मी त्यांना दोन-तीन घरं सांगणार, "इकडं जाऊन या," एवढंच. कारण विचारायचं नाही. त्यात देणारेही असतील आणि न देणारेही, म्हणजे त्यांनाही ओळखता येणार नाही. पहिल्या महिन्यासाठी मात्र मी चार घरं सांगितली. त्यात लांब प्रार्थनावाले बंधू आहेत. माझा त्यांच्यावरचा राग हे कारण असू शकतं, मी नाकारत नाही.

पंचांपुढं बेरजेचा कागद ठेवला, वसईवाल्यांच्या पद्धतीनं. जमा किती, पगार किती, लाईटबिल किती. एक पंच म्हणाले, नावं नसतील तर लोकांना चेव कसा येणार? मी म्हटलं, लाईटबिल वाचून येईल. ते हसले नाहीत.

आणि "मागील बाकी" हा रकाना खोडला. सभेच्या ठरावाशिवाय खोडलाय, त्यामुळे पुढच्या वार्षिक सभेत मला मेमो मिळणार हे नक्की.

होस्टेलची_मुलगी

काका 🙏

मेमो मिळाला तर फोटो टाका. माझ्या पावतीशेजारी ठेवीन.

एसटीवाला_खजिनदार

सीए ताई, नमुना मिळाला, आभारी आहे. शनिवारी नगरला मूळ ट्रस्टच्या ऑफिसात जातोय. माझ्या खात्यातली मंडळीची शिल्लक चेकनं त्यांच्याकडं भरू की नवीन खातं निघेपर्यंत थांबू? बायको म्हणतेय थांबू नका. आणि ठरावाखाली दोन सह्यांत एक पाळकसाहेबांची चालेल का? त्यांची बदली तीन वर्षांनी होते, मग दर वेळी बँकेत पुन्हा सगळं करावं लागेल असं वाटतं.

अंड्याचं आजींना सांगितलंय. त्या म्हणाल्या, कोथरूडपर्यंत फुटेल, पोरीला हंगामाच्या सणाला इकडंच बोलवा.